कर्म आणि कपाळ

गेल्या श्रावणांत आमच्या शेजारच्या बिऱ्हाडांतील आठ वर्षांचा मुलगा डेंग्यूच्या तापानें पांच दिवसांत गेला. समाचारास जाणें प्राप्तच होतें. मी गेलों तेव्हां बैठकीच्या खोलींत पंधरावीस माणसें बसलीं होतीं, आणि मुलाची आई भिंतीला टेकून, कोणाकडेहि न पाहतां, कोरड्या डोळ्यांनीं बसून होती. मध्येंच तिनें कपाळावर हात मारून घेतला आणि ‘कर्म माझं!’ एवढेच दोन शब्द उच्चारले. जवळ तिच्या सासरच्या एक वृद्ध आत्याबाई होत्या. त्या समजुतीच्या स्वरांत म्हणाल्या, ‘मागल्या जन्मीचं देणं असतं, बाई. फेडल्यावांचून सुटका नाहीं.’ ह्या बोलण्यांत दुष्टावा तिळमात्र नव्हता. स्वतःच्या वैधव्याचें दुःख त्यांनीं ह्याच वाक्याच्या आधारानें चाळीस वर्षें सोसलें होतें, हें मला ठाऊक होतें. परंतु त्या आईनें मान वर केली आणि माझ्याकडे वळून विचारलें, ‘काका, तुम्ही तर हेंच शिकवतां. मी असं काय केलं होतं?’

खोलींतील सर्वांचें लक्ष माझ्याकडे लागलें. तीस वर्षें मी महाविद्यालयांत तत्त्वज्ञान शिकवीत आलों आहें. कर्मविपाकावर व्याख्यानें दिलीं आहेत, परीक्षेस प्रश्न काढले आहेत. त्या क्षणीं माझ्या तोंडून एवढेंच निघालें कीं, ‘शास्त्रांत तसं सांगितलं आहे खरं.’ तिनें पुन्हां मान खालीं घातली.

घरीं परतल्यावरहि तें वाक्य माझ्या मनांतून जाईना. शास्त्रांत नेमकें काय सांगितलें आहे? कोणीं सांगितलें, कोणाला सांगितलें, आणि कोणत्या प्रश्नाच्या उत्तरादाखल सांगितलें? वर्गांत हे प्रश्न विद्यार्थ्यांना विचारणारा मी, ज्या ठिकाणीं ते खरोखर विचारावयास हवे होते त्या ठिकाणीं मान हलवून मोकळा झालों. म्हणून जुने ग्रंथ पुन्हां एकवार काढले. त्या वाचनांतून जें हातीं लागलें, तें वाचकांपुढें ठेवीत आहें.

प्रथम शब्दाकडेच पाहूं. ‘कर्म’ हा शब्द ‘कृ’ धातूपासून झालेला असून त्याचा अर्थ केलेली गोष्ट, कृति, एवढाच आहे. यज्ञांतील क्रिया हें कर्म, आणि व्याकरणांत क्रिया ज्यावर घडते तेंहि कर्म. परंतु आपल्या घरगुती मराठींत ह्या शब्दाची काय गत झाली आहे, पाहा. ‘कर्म माझें’, ‘कर्म आडवें आलें’, ‘कर्मदरिद्री’, ‘कर्मकहाणी’ ह्या सर्व प्रयोगांत कर्म म्हणजे मीं केलेलें कांहीं नव्हे, तर माझ्यावर ओढवलेलें कांहीं. ‘कर्म’ म्हणतांना आपला हात कपाळाकडे जातो; आणि कपाळावर तर, आपल्या बायकांच्या समजुतीप्रमाणें, सटवाई जन्मानंतरच्या रात्रीं लेख लिहून जाते. तो लेख लिहिणारी दुसरी कोणी असते. कर्म करणारा मात्र मी असतों. ह्या दोन अगदीं निराळ्या कल्पना एका शब्दांत कालवल्या गेल्या आहेत. माणसाच्या कर्तृत्वाचें जें नांव, तेंच त्याच्या असहायतेचें नांव कसें झालें, हाच ह्या लेखाचा प्रश्न आहे.

येथें आणखी एक गफलत आरंभींच दूर केली पाहिजे. पुनर्जन्माची कल्पना आणि कर्माचा सिद्धांत ह्या एक नव्हेत. मेलेला आजा नातवाच्या रूपानें परत येतो, अशी समजूत आफ्रिकेंतील व उत्तर अमेरिकेंतील अनेक जमातींत आढळते. परंतु तेथें तो परत येतो तो आपल्या कुळांतच, आणि त्याच्या येण्याचा पापपुण्याशीं फारसा संबंध नसतो. श्रीलंकेचे मानववंशशास्त्रज्ञ गणनाथ ओबेयसेकेरे ह्यांनीं २००२ सालीं प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथांत ह्या समजुतींची ग्रीक व भारतीय विचारांशीं तुलना करून असें दाखविलें कीं, पुनर्जन्म ही सामान्य कल्पना असून तिला नीतीची जोड मिळणें ही विशेष घटना होय. ग्रीसमध्यें पायथागोरसच्या पंथांत पुनर्जन्म मानीत, आणि प्लेटोनें ‘रिपब्लिक’च्या दहाव्या भागांत आत्मे आपला पुढचा जन्म स्वतः निवडतात अशी कथा घालून निवडीची जबाबदारी निवडणाऱ्यावर टाकली. आपल्याकडेहि नीतीची ही जोड एकदम मिळालेली नाहीं. ऋग्वेदांत पुनर्जन्माचा स्पष्ट सिद्धांत नाहीं. मृत मनुष्य यमाच्या लोकीं पितरांना जाऊन मिळतो. ब्राह्मणग्रंथांत ‘पुनर्मृत्यु’ नांवाची एक नवी भीति दिसूं लागते: परलोकांत मिळवलेलें पुण्य सरलें, तर तेथेंहि पुन्हां मरावें लागेल कीं काय! ही भीति पुढें उपनिषदांनीं हातीं घेतली.

बृहदारण्यकाच्या तिसऱ्या अध्यायांत विदेहराजा जनकाच्या सभेचा प्रसंग आहे. शिंगांना सोनें बांधलेल्या सहस्र गाई बाहेर उभ्या आहेत आणि याज्ञवल्क्याला एकामागून एक ब्राह्मण प्रश्न विचारीत आहेत. त्यांत जारत्कारव आर्तभाग उठतो व विचारतो: मेलेल्या माणसाची वाणी अग्नींत, प्राण वायूंत, डोळा सूर्यांत विलीन झाला, म्हणजे मग तो मनुष्य स्वतः कोठें असतो? भर सभेंत सर्वांना उत्तरें देणारा याज्ञवल्क्य येथें मात्र थांबतो. तो आर्तभागाचा हात धरतो, ही गोष्ट आपण दोघांनींच जाणावयाची, लोकांत नव्हे, असें सांगून त्याला बाजूला नेतो. उपनिषत्कार आपणांस इतकेंच कळवितात कीं, ते दोघे जें बोलले तें कर्माविषयीं बोलले. पुण्यकर्मानें मनुष्य चांगला होतो, पापकर्मानें वाईट.

कर्मसिद्धांताचा हा अगदीं पहिल्या उल्लेखांपैकीं एक. त्यांत दोन गोष्टी लक्षांत घेण्याजोग्या आहेत. पहिली ही कीं, प्रश्न दुःखाविषयीं नाहीं. ‘मला हें कां भोगावें लागतें?’ असें आर्तभाग विचारीत नाहीं. ‘माझें काय उरतें?’ असें तो विचारतो, आणि उत्तर मिळतें कीं तूं केलेलें उरतें. ह्या विचाराचें तोंड पुढें आहे, मागें नाहीं. दुसरी गोष्ट ही कीं, याज्ञवल्क्य प्रश्न विचारणाऱ्यालाच बाजूला नेतो आणि त्याच्याशींच बोलतो. तिसऱ्या कोणाच्या जन्मासंबंधीं त्या एकांतांत निवाडा झाला असें ग्रंथांत कोठें म्हटलेलें नाहीं.

परंतु त्याच काळाच्या सुमारास, त्याच विचाराला एक चीर गेलेली दिसते. छांदोग्याच्या पांचव्या अध्यायांत श्वेतकेतु पांचालांच्या सभेंत जातो, तेथें राजा प्रवाहण जैवलीच्या प्रश्नांनीं निरुत्तर होतो, आणि मग त्याचा वृद्ध पिता स्वतः राजाकडे शिष्य म्हणून येतो. राजा त्याला सांगतो कीं, ही विद्या ह्यापूर्वीं ब्राह्मणांकडे गेली नव्हती. ह्या विद्येंतच पुढें असें येतें कीं, ज्यांचें आचरण रमणीय ते ब्राह्मण, क्षत्रिय वा वैश्य योनींत जातात, आणि ज्यांचें आचरण ओंगळ ते कुत्र्याच्या, डुकराच्या किंवा चांडाळाच्या योनींत. वाक्य उच्चारणाऱ्याचा हेतु ऐकणाऱ्यास सदाचाराकडे वळविण्याचा असेल. परंतु जिवंत, बोलत्या, चालत्या माणसांच्या एका वर्गाला कुत्र्या-डुकरांच्या पंक्तीस बसवून तो वर्ग म्हणजे मागील पापांचा पुरावा ठरविला गेला. हा प्रमाद सिद्धांताच्या बाल्यावस्थेंतच झाला, तो मागाहून कोणीं घुसडून दिला असें म्हणून आपली सुटका करून घेतां येणार नाहीं. त्याच उपनिषदाच्या चौथ्या अध्यायांत, ज्याला आपल्या बापाचें गोत्र ठाऊक नाहीं त्या सत्यकाम जाबालाला केवळ तो खरें बोलला म्हणून गुरु शिष्य करून घेतो. एकाच ग्रंथांत एका अध्यायाच्या अंतरानें हे दोन विचार शेजारीं शेजारीं आहेत.

आतां मगधाकडे वळूं. ख्रिस्तपूर्व पांचव्या शतकाच्या आगेंमागें तेथें श्रमणांचे अनेक संघ हिंडत होते. दीघनिकायांतील सामञ्ञफलसुत्तांत राजा अजातशत्रु सहा आचार्यांचीं मतें बुद्धाला सांगतो. त्यांतील मक्खलि गोसाल हा आजीवकांचा प्रमुख. त्याचें म्हणणें असें कीं, प्राण्यांच्या शुद्धीला वा अधोगतीला कांहीं कारण नाहीं, पुरुषार्थ नाहीं, बळ नाहीं. सुताचा गुंडा फेंकला असतां सूत संपेपर्यंत तो जसा उलगडत जातो, तसे मूर्ख आणि शहाणे दोघेहि ठरलेले जन्म घेत घेत आपोआप शेवटास पोचतात. हा पंथ कांहीं क्षुल्लक नव्हता. गयेजवळच्या बराबर डोंगरांतील लेणीं अशोकानें ह्याच आजीवकांना दिलीं. आणि ध्यानांत घ्यावें असें हें कीं, गोसालहि जन्मपरंपरा मानीतच होता! तो नाकारीत होता तें कर्म. बुद्धानें ह्या मताला केसांच्या कांबळ्याची उपमा दिली आहे. तें कांबळें थंडींत थंड, उन्हांत गरम, आणि दुर्गंधीनें भरलेलें. आपण मात्र क्रियेला, उद्योगाला मानणारे, असें तो अभिमानानें सांगतो.

म्हणजे कर्मवादाचा खरा प्रतिपक्षी नास्तिक नव्हता, दैववादी होता. ‘जें व्हावयाचें तें होणारच’ ह्या वाक्याचें खंडन करण्यासाठीं ज्या शब्दाची योजना झाली, तोच शब्द आज आपण तें वाक्य उच्चारण्यासाठीं वापरतों. गोसालाचा पंथ नामशेष झाला. पण मराठी माणसाच्या कपाळावर हात मारण्यांत तो अजून नांदतो आहे, असें म्हटल्यास फारशी अतिशयोक्ति होणार नाहीं.

बुद्धाचें ह्या विषयावरील आणखी एक वचन माझ्या तीस वर्षांच्या शिकवण्यांत पुष्कळदां येऊन गेलें होतें, परंतु त्याचें मोल मला ह्या श्रावणांत कळलें. संयुत्तनिकायांत मोळियसीवक नांवाचा परिव्राजक त्याला विचारतो: मनुष्य जें जें सुखदुःख भोगतो तें तें सर्व पूर्वींच्या कर्मामुळेंच, असें कांहीं श्रमण-ब्राह्मण म्हणतात, आपलें मत काय? बुद्ध उत्तर देतो कीं, कांहीं वेदना पित्तानें होतात, कांहीं कफानें, कांहीं वातानें, कांहीं तिहींच्या सन्निपातानें, कांहीं ऋतूच्या पालटानें, कांहीं विषम आहारविहारानें, कांहीं बाहेरील आघातानें, आणि कांहीं कर्मविपाकानें. आठ कारणांत कर्म हें एक! सर्व कांहीं पूर्वकर्मानेंच होतें असें म्हणणारे स्वतःच्या अनुभवालाहि सोडून जातात आणि जगांत जें सत्य मानलें जातें त्यालाहि, असा त्याचा अभिप्राय आहे. अंगुत्तरनिकायांत तर तो ह्याहून पुढें जातो. सर्व पूर्वकर्मानें घडतें, सर्व ईश्वर घडवितो, सर्व अकारण घडतें, ह्या तिन्ही मतांना तो एकाच माळेंत ओंवतो, कारण तिहींचा शेवट एकच: मग कांहीं करावें आणि कांहीं करूं नये, ह्याला अर्थच उरत नाहीं.

जैनांनीं कर्माला अतिशय सूक्ष्म असें पुद्गल मानून त्याचे आठ प्रकार केले, त्याचा आस्रव, बंध, संवर आणि निर्जरा ह्यांचें गणितासारखें शास्त्र रचलें. उच्चनीच कुळांत जन्म देणारें ‘गोत्रकर्म’ त्या आठांत आहे, हें खरें. परंतु उत्तराध्ययनसूत्राच्या बाराव्या अध्ययनांत चांडाळकुळांत जन्मलेल्या हरिकेश मुनीपुढें यज्ञ करणाऱ्या ब्राह्मणांना नमावें लागतें, आणि पंचविसाव्यांत मनुष्य ब्राह्मण होतो तो कर्मानें, असें सांगितलें आहे. बौद्धांच्या सुत्तनिपातांतील वासेट्ठसुत्ताचा निष्कर्षहि हाच. शेती करणारा शेतकरी, चोरी करणारा चोर, आणि ब्राह्मणहि तसाच करणीनें ब्राह्मण; गवतांत, किड्यांत, पांखरांत जातिभेदाच्या खुणा दिसतात तशा त्या माणसाच्या शरीरांत दिसत नाहींत. येथें कर्म म्हणजे ह्या जन्मींची, डोळ्यांना दिसणारी करणी. छांदोग्यांतील त्या वाक्यांत ज्या शब्दानें जन्माचें समर्थन केलें, त्याच शब्दानें येथें जन्माचा अहंकार मोडून काढला आहे.

वैद्यकाचें ह्याविषयीं काय म्हणणें आहे, हें पाहण्यासाठीं पुन्हां पांचालांत यावें लागतें. चरकसंहितेच्या विमानस्थानाचा तिसरा अध्याय साथीच्या रोगांवर आहे, आणि त्याचा संवाद पांचालांच्या राजधानींत, कांपिल्य नगराजवळ गंगेच्या तीरीं घडतो. ज्या देशांत प्रवाहण जैवलीनें योनींची ती उतरंड मांडली, त्याच देशांत आत्रेय आपल्या अग्निवेश नांवाच्या शिष्याशीं बोलत आहे. भिन्न प्रकृतीचीं, भिन्न वयाचीं माणसें एकाच वेळीं एकाच रोगानें कां मरतात? उत्तर असें कीं, वायु, पाणी, भूमि आणि काल हीं सर्वांना समान आहेत आणि तीं बिघडतात म्हणून. तीं कां बिघडतात? अधर्मामुळें, किंवा पूर्वींच्या असत्कर्मामुळें. आणि दोहोंचेंहि मूळ प्रज्ञापराध, म्हणजे बुद्धीचा अपराध. देशाचे, नगराचे प्रमुख अधर्मानें वागूं लागले म्हणजे त्यांचे आश्रित व नगरवासीहि तो अधर्म वाढवितात, असें आत्रेय सांगतो. ह्यांतील सगळी उपपत्ति आज आपणांस पटणार नाहीं. परंतु मेलेल्यानें काय पाप केलें होतें असें न विचारतां, जिवंत असलेले कोठें चुकले असें तो विचारतो.

ह्यानंतर अग्निवेश विचारतो, आयुष्य ठरलेलें असतें कीं नसतें? आत्रेयाचें उत्तर असें कीं, पूर्वदेहांत केलेलें तें दैव आणि ह्या देहांत केलेला तो पुरुषकार. दुबळें दैव बलवान् पुरुषकारापुढें हटतें. सर्वांचेंच आयुष्य ठरलेलें असतें, तर औषध कोणीं घेतलें असतें, आणि रानटी हत्तीच्या वाटेंतून कोण बाजूस झालें असतें? गाडीचा चांगला आंस आपल्या काळानें झिजून मोडतो. पण फार ओझें घातलें, वाट वाईट असली, हांकणारा अडाणी असला, तर तोच आंस अवेळीं मोडतो. तसाच मृत्यूहि कालीं येतो आणि अकालींहि येतो. ‘अकाल मृत्यु’ हा शब्द आपण रोज वापरतों. पण जो खराखुरा अकालीं येतो, तो मृत्यु ठरलेला असूं शकत नाहीं, हें आपल्या लक्षांत येत नाहीं. धर्मशास्त्रकारांनाहि हें मान्य होतें. एका चाकानें रथ चालत नाहीं, तसें पुरुषकारावांचून दैव फळत नाहीं, असें याज्ञवल्क्यस्मृति सांगते; आणि महाभारताच्या अनुशासनपर्वांत युधिष्ठिराच्या प्रश्नाला उत्तर देतांना भीष्म शेत आणि बीज ह्यांचा दृष्टांत देऊन तेंच सांगतो.

मग हा शब्द उलटा फिरला केव्हां आणि कसा? मला वाटतें, तो एका तर्कदोषाच्या वाटेनें फिरला. मनुस्मृतीच्या अकराव्या अध्यायांत अशी एक यादी आहे: सोनें चोरणाऱ्याचीं नखें कुरूप होतात, मद्यप्याचे दांत काळवंडतात, घोडा चोरणारा पांगळा होतो. हा अध्याय प्रायश्चित्तांचा आहे. पाप करणाऱ्याला भय दाखवून प्रायश्चित्ताकडे वळवावें, हा त्याचा उपयोग. पुढें ‘कर्मविपाक’ ह्या नांवानें अशा याद्यांचे ग्रंथच झाले. परंतु यादी एकदां लिहिली गेली म्हणजे ती उलटीहि वाचतां येते. ‘चोर पांगळा होतो’ हें चोराला सांगण्याऐवजीं, ‘हा पांगळा आहे, म्हणजे चोर होता’ असें पांगळ्याला सांगण्यांत येऊं लागलें. न्यायशास्त्राचा पहिला धडा घेतलेल्या विद्यार्थ्यालाहि ठाऊक असतें कीं, धूर आहे तेथें अग्नि असतो, एवढ्यावरून अग्नि आहे तेथें धूर असतोच असें निघत नाहीं. तापलेल्या लोखंडाच्या गोळ्यांत अग्नि असतो आणि धूर नसतो. पापापासून दुःख होतें, हें मानलें तरी दुःखापासून पापाचें अनुमान करण्याचा अधिकार मिळत नाहीं.

ह्यावर कट्टर कर्मवादी म्हणेल कीं, आमच्या मतें प्रत्येक दुःखाच्या मुळाशीं कर्म असतेंच. शंकराचार्यांनीं ब्रह्मसूत्राच्या दुसऱ्या अध्यायावरील भाष्यांत असा पक्ष घेतला आहे खरा. ईश्वर पक्षपाती आणि निर्दय ठरूं नये, म्हणून ते म्हणतात कीं, पाऊस सर्व धान्यांना सारखाच पडतो. भात आणि जव ह्यांतील भेद बीजांचा. जर्मन समाजशास्त्रज्ञ मॅक्स वेबर ह्यानें जगांतील दुःखाची संगति लावणाऱ्या मोजक्या सुसंगत उपपत्तींत ह्या सिद्धांताची गणना केली, ती त्याच्या ह्या तर्कशुद्धतेमुळेंच. परंतु येथेंहि प्रश्न ईश्वराविषयीं आहे, एखाद्या आईविषयीं नाहीं. शिवाय संसार अनादि असल्याचें आचार्यांनीं लगेच पुढें सांगितलें आहे. ज्या सांखळीला पहिली कडी नाहीं, तिच्यांतील अमुक दुःखाला अमुक कृत्य, असें बोट कोण ठेवणार? गीता कर्माची गति गहन म्हणते, योगसूत्रांवरील व्यासभाष्य ती विचित्र आणि दुर्ज्ञेय म्हणतें, आणि बुद्धानें तर कर्मविपाकाला ज्यांचें चिंतन करूं नये अशा चार गोष्टींत घालून, तें करणारा वेडा होईल, असा इशारा दिला आहे. म्हणजे ज्यांनीं हा सिद्धांत मांडला, त्यांतील थोर थोर माणसांनीं त्याचा हिशेब कोणाच्या तोंडावर फेंकण्यास आधींच मनाई करून ठेविली आहे.

ही मनाई आपण पाळली नाहीं. तिचा भंग आपल्याच मातींत किती खोल गेला, ह्याचें उदाहरण मंगळवेढ्याचे चोखोबा. चौदाव्या शतकांतील ह्या महार संताच्या नांवावर असलेल्या एका अभंगांत, पूर्वजन्मीं कृष्णाची निंदा घडली म्हणून हा जन्म प्राप्त झाला, असा भाव आहे. ज्याला देवाच्या दाराबाहेर उभें केलें, त्यानें बाहेर उभें राहण्याचें कारण स्वतःच्याच ठिकाणीं शोधलें! त्याच घरांत त्याचा मुलगा होता, आणि त्याचें नांव कर्ममेळा. त्याचे जे थोडे अभंग आपल्यापर्यंत आले आहेत त्यांत मात्र मागल्या जन्माचा हिशेब नाहीं. आम्हांला हीन कां केलेंस, जन्मभर उष्टें खावयास लावतांना तुला लाज कां वाटत नाहीं, असा तो विठ्ठलालाच जाब विचारतो. बापाच्या समाधानापेक्षां मुलाचा हा प्रश्न मला याज्ञवल्क्याच्या जवळचा वाटतो. कारण केलें कोणीं, हें तो विचारतो. चोखोबांची समाधि महाद्वाराशीं आहे. परंतु त्यांच्या जातिबांधवांना तें दार उघडण्यास साने गुरुजींचें उपोषण आणि १९४७ साल उजाडावें लागलें.

सामाजिक पापाचा जाब विचारण्यासाठीं हाच सिद्धांत सद्धेतूनें वापरला, तरीहि तो दगा देतो, हें १९३४ सालीं दिसून आलें. त्या वर्षीं जानेवारीच्या १५ तारखेस बिहारमध्यें प्रचंड भूकंप झाला व हजारों माणसें मेलीं. गांधीजींनीं म्हटलें कीं, अस्पृश्यतेच्या पापाबद्दल ही ईश्वरानें दिलेली शिक्षा होय. हेतु निर्मळ होता. परंतु रवींद्रनाथ ठाकुरांना राहवलें नाहीं. भौतिक उत्पाताचीं कारणें भौतिकच असतात. आणि हाच तर्क उद्यां सनातन्यांनीं उचलला, तर ते भूकंपाचें खापर गांधीजींच्याच माथीं फोडतील, असा त्यांचा आक्षेप होता. गांधीजींनीं तो आपल्या ‘हरिजन’ पत्रांत उत्तरासह छापला. बिहारमध्यें भिंतींखालीं सांपडलेल्या मुलांनीं अस्पृश्यता पाळली नव्हती; कित्येक तर स्वतःच अस्पृश्य असतील. दुसऱ्याच्या मरणावरून त्याच्या किंवा इतर कोणाच्या पापाचा हिशेब मांडूं लागलें, म्हणजे महात्म्याच्या हातूनहि अन्याय होतो.

आधुनिक महाराष्ट्रांतील दोन मोठ्या बुद्धिमंतांनीं ह्या सिद्धांताशीं झुंज घेतली, ती दोन दिशांनीं. लोकमान्य टिळकांच्या, १९१५ सालीं प्रसिद्ध झालेल्या ‘गीतारहस्या’चें दहावें प्रकरणच ‘कर्मविपाक व आत्मस्वातंत्र्य’ हें आहे. मंडालेच्या तुरुंगांत हें लिहिणाऱ्या माणसानें तुरुंगवासाला प्रारब्ध म्हणून स्वस्थ बसणें पसंत केलें नाहीं. कर्माच्या जाळ्यांतहि आत्म्याला स्वतंत्र प्रवृत्तीस वाव कसा राहतो, हें दाखविण्यासाठीं त्यानें सगळी शक्ति खर्च केली. डॉ. आंबेडकरांनीं, त्यांच्या मृत्यूनंतर १९५७ सालीं प्रसिद्ध झालेल्या ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ ह्या ग्रंथांत, पूर्वजन्मींच्या कर्माचा हा सिद्धांत बुद्धाचा नव्हेच असें प्रतिपादून एक रोखठोक प्रश्न विचारला: गोरगरिबांच्या आणि दलितांच्या दुर्दशेची जबाबदारी समाजानें व राज्यानें झटकून टाकावी, ह्याखेरीज ह्या सिद्धांताचा दुसरा हेतु तरी कोणता? टिळक सिद्धांत राखून स्वातंत्र्य वांचवूं पाहतात, आंबेडकर स्वातंत्र्यासाठीं सिद्धांताचा तो भाग टाकून देतात. दोघांचा शत्रु मात्र एकच, आणि तो गोसालाच्या सुताचा गुंडा.

आत्याबाईंवर ह्या लेखांत अन्याय होऊं नये. आपल्या वांट्यास आलेलें दुःख निरर्थक नाहीं, त्याला कोठें तरी हिशेब आहे, ह्या श्रद्धेनें लक्षावधि माणसांना उभें राहण्यास बळ दिलें आहे. ज्यानें ती स्वतःसाठीं जवळ केली, त्याच्या हातून ती हिरावून घेण्याचा मला अधिकार नाहीं. परंतु जें बळ स्वतः स्वीकारल्यानें मिळतें, तेंच दुसऱ्यानें लादलें म्हणजे आरोप होतो. त्या आईला त्या दिवशीं बळ मिळालें नाहीं. आठ वर्षांच्या मुलाला आपणच मारलें, असा अर्थ तिला लागला, आणि मीं मान हलवून त्यावर शिक्का मारला.

आमच्या गल्लीच्या तोंडाशीं अर्धवट राहिलेल्या एका बांधकामाच्या खड्ड्यांत त्यावेळीं दोन महिने पाणी सांचलेलें होतें. रोज सकाळीं फिरावयास जातांना मी त्याला वळसा घालून जात असें. समाचारास बसलेल्यांपैकीं बहुतेकांनीं तो खड्डा पाहिलेला होता. तक्रार कोणींच केली नव्हती. डास तेथलेच होते, असें मी शपथेवर सांगूं शकत नाहीं. परंतु आत्रेय त्या खोलींत असता, तर त्यानें त्या आईच्या मागल्या जन्माची चौकशी न करतां आम्हां वीसजणांच्या गेल्या दोन महिन्यांची चौकशी केली असती. त्या दिवशीं तेथें कर्माचा प्रश्न खरोखरीच होता. मात्र तो तिच्या कर्माचा नव्हता, आमच्या कर्माचा होता.

पुढें आम्ही चौघे-पांचजण मिळून गेलों आणि पुष्कळ हेलपाट्यांनंतर तो खड्डा बुजवून घेतला. त्यानंतर एका संध्याकाळीं मी त्या घरीं गेलों. ती एकटीच होती. मी म्हटलें, ‘त्या दिवशीं मी अपुरं बोललों. तूं कांहीं केलेलं नाहींस.’ तिनें बराच वेळ उत्तर दिलें नाहीं. मग हलक्या आवाजांत विचारलें, ‘शास्त्रांत असं आहे?’

‘हेंहि आहे,’ मी म्हटलें, आणि तिला मोळियसीवकाची गोष्ट सांगितली.